एक्केचाळीसचा दगड

प्रिय मुकादमीणबाई,

हे नाव वाचून कपाळाला आठी पडली असेल तर पडू दे. रस्त्याच्या कामावरच्या गँगवाल्यांनी तुला नवव्या वर्षी दिलेलं नाव आहे, आणि त्या नावानं हाक मारणारा आता मी एकटाच उरलोय. माझी मागची तीन पत्रं 'या पत्त्यावर राहत नाहीत' असा शिक्का घेऊन परत आली. तू खोली बदललीस हे आत्याकडून कळलं. नवा पत्ताही तिच्याकडूनच घेतला. तोही तू तिला तोंडी सांगितला नाहीस म्हणे, कागदावर लिहून दिलास आणि दोनदा तपासलास. आत्या सांगत होती, दादा, पोरगी तोंडातून आकडा म्हणून काढत नाही रे, किती वाजले विचारलं तर नुसतं मनगट पुढे करते. जिच्या आवाजावर अख्खा डेपो हलायचा, 'फलाट तीनवर सव्वापाचची गाडी लागत आहे' म्हणाली की म्हातारेकोतारेसुद्धा गाठोडं उचलून पळत सुटायचे, ती पोरगी शिलाईच्या कारखान्यात मान खाली घालून काजं करतेय. अकरा वर्षं झाली. एक आकडा चुकीचा सांगितला म्हणून स्वतःला एवढी शिक्षा करून घेतलीस. मला तुझ्याशी त्याच आकड्याबद्दल बोलायचंय, पण एकदम नाही जमायचं. तुझी आई म्हणायचीच, यांना घोटभर पाणी हवं असलं तरी हे विहीर खणण्यापासून सुरुवात करतील.

तर आधी विहीर. आपला रस्ता मोडतोय. चौपदरी होतोय. पिवळी यंत्रं नदीच्या पुलापासून निघालीत आणि रोज अर्धा-पाऊण किलोमीटर खात पुढे सरकतायत. आम्ही तीस वर्षं हातानं खडी पसरली तेवढी ते पोरगेले ऑपरेटर सकाळच्या चहापर्यंत उडवून देतात. मी रोज जाऊन बसतो बघत. ते मला हाकलत नाहीत, उलट एकानं बसायला डबा दिलाय. मागच्या महिन्यात खात्यातला एक नवा इंजिनियर घरी आला. पोरगा चांगला आहे, चपला बाहेर काढून आला. उद्घाटनाला पुस्तिका काढायचीय, त्यात जुन्या रस्त्याचा इतिहास घालायचाय, आणि कचेरीत कोणाला काहीच ठाऊक नाही. कोणीतरी माझं नाव सांगितलं. म्हटलं, बाबा रे, इतिहास राजेरजवाड्यांचा असतो, आमच्या रस्त्याचे असतात ते खड्डे. हसला. मग तीन दिवस रोज येऊन बसला आणि मी बोलत राहिलो. इतकं ऐकून घेणारं माणूस घरात आलं की जीभ सैल सुटते गं.

त्याला सांगितलं की आधी ही नुसती बैलगाड्यांची वाट होती, लाकडाच्या वखारीपासून रेल्वेच्या यार्डापर्यंत. चाकोऱ्या इतक्या खोल की गाडीवान झोपला तरी बैल चुकत नसत. मग मोजणीवाले साखळी घेऊन आले. त्यांनी कागदावर सरळ रेघ मारली, आणि ती रेघ नेमकी एका बाईच्या विहिरीवरून गेली. बाई एकटी, नवरा गेलेला. ती विहिरीच्या काठावर चूल मांडून बसली. साहेब आले, मोठे साहेब आले, ती भात रांधत बसली. शेवटी रस्ताच वाकला. तेच आपलं विहिरीचं वळण. पुढे पन्नास वर्षं प्रत्येक ड्रायव्हरनं त्या बाईला शिव्या घातल्या आणि प्रत्येकानं थांबून तिच्या विहिरीचं पाणीही प्यायलं. इंजिनियरनं हे सगळं हौसेनं लिहून घेतलं. नवा रस्ता विहिरीवरूनच सरळ जाणार आहे. विहीर मागच्या आठवड्यात बुजवली. एवढी भांडली बिचारी, शेवटी मोजणीवाल्याचीच रेघ खरी झाली.

मग त्याला आमची गँग सांगितली. मी मुकादम आणि हाताखाली सात माणसं. साइडपट्टीचं गवत काढायचं, मोऱ्यांतला गाळ उपसायचा, डांबराचं पिंप तापवून खड्डे बुजवायचे, आणि वर्षातून एकदा किलोमीटरचे दगड रंगवायचे. तुझी आई गेली त्या वर्षी तुला घरी ठेवायला कोणी नव्हतं, म्हणून शाळेला सुट्टी लागली की तुला बरोबर न्यायचो. तू रोलरवाल्याला सावकाश चालव म्हणून हातवारे करून दटावायचीस, गवत नीट काढलं नाही म्हणून माणसांना बोट दाखवून परत पाठवायचीस. तोंडानं मात्र काही बोलत नव्हतीस. आई गेल्यावर तीन महिने तू घरीदारी चकार शब्द काढला नव्हतास, आठवतं? त्या वर्षी विहिरीच्या वळणापुढचा दगड रंगवताना तू माझ्या हातातला ब्रश ओढून घेतलास. एक्केचाळीसचा दगड. गुडघ्यावर बसून, जीभ बाहेर काढून तू चार काढलास, मग एक काढलास, आणि त्या एकाचं शेपूट वरती वळवलंस, मांजराच्या शेपटीसारखं. मग उभी राहिलीस आणि मोठ्यांदा म्हणालीस, एक्केचाळीस! गँगनं टाळ्या पिटल्या. तीन महिन्यांनी तुझ्या तोंडून निघालेला तो पहिला शब्द. हे इंजिनियरला नाही सांगितलं. त्याच्या पुस्तिकेत ते बसणारं नव्हतं.

पुढचं तुला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक. तू डेपोत लागलीस, माईकवर. आणि त्या लांबड्या कंडक्टरला आपल्या गाडीचं नाव तुझ्या तोंडून ऐकायची सवय लागली. गाडी वेळेवर लागलेली असायची तरी हा बाबा खिडकीशी येऊन, पुन्हा एकदा पुकारा ना, उतारू आलेच नाहीत, म्हणायचा. उतारू आत बसून घाम पुसतायत! जावई म्हणून तो मला पहिल्यांदा भेटायला आला तेव्हा मी विचारलं, काय येतं तुम्हाला? तर म्हणाला, तुमचा रस्ता तोंडपाठ येतो. आणि खरंच त्यानं पुलापासून यार्डापर्यंतचे सगळे थांबे उताऱ्यासारखे म्हणून दाखवले. मी त्याच क्षणी विरघळलो. माझ्या रस्त्यावर एवढा जीव असलेला दुसरा माणूस मी पाहिला नव्हता. त्याच्याबद्दल मी कधी बोलत नाही म्हणून तुला वाटत असेल, बाबा विसरले. नाही विसरलो.

रस्त्याला राज्य महामार्गाचा दर्जा मिळाला ती गोष्ट इंजिनियरला फार महत्त्वाची वाटली. तू नुकती डेपोत लागली होतीस, लग्न व्हायचं होतं. आपल्या रस्त्याला नदीच्या पुलाकडचा चौदा किलोमीटरचा तुकडा जोडला, आणि मोजणी वखारीच्या बाजूच्या जुन्या नाक्याऐवजी पुलापासून धरायची ठरली. म्हणजे प्रत्येक दगडाचा आकडा चौदानं वाढला. एकचा पंधरा, दहाचा चोवीस, आणि एक्केचाळीसचा झाला पंचावन्न. राज्य महामार्गाच्या दगडांना हिरवं डोकं असतं, म्हणून काळी डोकी पुसून हिरवी करायची, जुना आकडा पुसून नवा घालायचा. वरून हुकूम आला की मंत्र्यांचा दौरा आहे, पंधरा दिवसांत सगळं झालं पाहिजे. आम्ही बारा दिवसांत केलं. मी सही करून कळवलं, सर्व दगड पूर्ण. त्या कागदावर मोठ्या साहेबांनी शाबास लिहिलं होतं. तो कागद इंजिनियरला कचेरीत सापडला, त्यानं मला आणून दाखवला. पुस्तिकेत छापणार आहे म्हणाला. माझी सही, खाली तारीख. मी तो हातात घेतला आणि चष्मा काढून न वाचताच परत दिला. त्याला वाटलं, म्हातारा गहिवरला.

आता ती संध्याकाळ. तिच्याबद्दल आपण दोघं एकदाही नीट बोललो नाही. तुम्ही मोटरसायकलवरून माझ्याकडे यायला निघालात, दिवस मावळत होता. विहिरीच्या वळणावर लाकडं भरलेला ट्रॅक्टर उभा, मागे दिवा नाही. जावयानं वाचवायला गाडी वळवली आणि तो त्या लाकडांवर गेला. तुला खरचटलं, त्याची मांडी फाटली. मला फोन लावलास, मी मोरीच्या कामावर, फोन घरी. मग तू अँब्युलन्सला लावलास. दवाखाना बाजाराच्या गावात, नव्या आकड्यांनी अठ्ठेचाळिसाव्या किलोमीटरवर. पण फोन लागला लांबच्या शहरात, तिथल्या बाईला विहिरीचं वळण काय ठाऊक. ती म्हणाली, वळणबिळण नको, दगडावरचा आकडा सांगा. तू ओढणी त्याच्या मांडीला आवळून, धावत जाऊन, मोबाइलच्या उजेडात दगड बघून आलीस आणि डेपोत पुकारायचीस तशी स्पष्ट दोनदा सांगितलंस, एक्केचाळीस, एक्केचाळीस. अँब्युलन्स दवाखान्याच्या फाटकातून निघाली आणि पुलाच्या दिशेला वळली. तिकडे सात किलोमीटरवर एक्केचाळीस. तुम्ही इकडे, सात किलोमीटरवर, पंचावन्नला. दोन्हीकडे सारखंच अंतर, नुसतं वळायचं होतं दुसऱ्या बाजूला. ते लोक तिथल्या चरात बॅटऱ्या मारून शोधत राहिले. शेवटी परतीच्या बसनं उचललं, त्याच्याच डेपोच्या, त्याच्याच जोडीच्या ड्रायव्हरनं. पन्नास मिनिटं झाली होती. डॉक्टर म्हणाले, अर्धा तास आधी आणला असता तर. त्या डॉक्टरला ते वाक्य बोलायची काय गरज होती? गप्प बसला असता तर काय बिघडलं असतं त्याचं!

पाचव्या दिवशी चौकशीला साहेब आले, नोंदवही घेऊन. अँब्युलन्सचा ड्रायव्हर म्हणाला, बाईंनी एक्केचाळीस सांगितलं, मी एक्केचाळीसला गेलो, माझी काय चूक? त्याची खरंच काही चूक नव्हती. सगळे मिळून वळणावर गेलो. दगडावर हिरवं डोकं आणि खाली पंचावन्न. तू कितीतरी वेळ त्या आकड्याकडे बघत राहिलीस. मग सगळ्यांसमोर म्हणालीस, माझंच चुकलं, लहानपणी हा दगड मी रंगवला होता, तोच जुना आकडा डोक्यात बसलेला, तोच तोंडातून गेला. साहेबांनी तसं लिहून घेतलं आणि वही मिटली. तू माझा हात धरून रडलीस, आणि मी म्हणालो, घाबरलं की होतं असं माणसाचं, पोरी. तुझ्या सासूनं तुला एका शब्दानं बोल लावला नाही, त्याचाच तुला जास्त त्रास झाला हे मला दिसत होतं. तिनं चार शिव्या दिल्या असत्या तर तू सुटली असतीस. तू डेपोत परत गेलीस, माईकसमोर बसलीस, गाडीचा नंबर समोर लिहिलेला, आणि तोंड उघडेना. तेव्हा मी घरी होतो. तू येऊन उंबऱ्यात बसलीस आणि म्हणालीस, बाबा, मला आकडे खरे वाटत नाहीत आता. मी चहा टाकायला आत गेलो. चहा टाकायला गेलो गं मी.

गेल्या सोमवारी इंजिनियर शेवटचा आला. वही मिटताना सहज म्हणाला, काका, काही राहिलं नाही ना सांगायचं? चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं झालं मला. नाही म्हणालो, सगळं आलं. मग त्यानंच सांगितलं की परवा यंत्रं विहिरीच्या वळणाला लागतील, दगड उपटून भरावात टाकणार, त्यांच्या जागी चमकणाऱ्या पाट्या येणार. मंगळवारी दुपारी जेवण झालं तसा उठलो, जुनी खरवडणी पिशवीत टाकली आणि चालत गेलो. गुडघे बोंबलत होते. दगडासमोर बसलो आणि पंचावन्न खरवडायला लागलो. वरचा रंग पापड्या पापड्या होऊन निघाला. आणि खालून तू आलीस. चार, आणि वर वळलेल्या शेपटीचा एक. काळा कुळकुळीत, काल काढल्यासारखा. मी तिथेच साइडपट्टीवर बसून पोटभर रडलो. ऑपरेटर खाली उतरून आला, त्यानं पाणी दिलं. म्हटलं, उद्या हातगाडी घेऊन येतो, हा एवढा दगड मला हवाय. तो हो म्हणाला. दुसऱ्या दिवशी हातगाडी घेऊन गेलो तर त्याची पाळी संपलेली आणि दुसराच माणूस यंत्रावर. दगड भरावात गेला होता, वरून रोलर फिरला होता. दाखवायला माझ्याकडे काहीही राहिलं नाही.

म्हणून लिहून देतोय, आणि हे एकच वाक्य लिहायला मला अकरा वर्षं लागली. बारा दिवसांत आम्ही सगळे दगड बदलले, एक सोडून. माझ्या माणसानं एक्केचाळीसला पांढरा हात मारायला ब्रश उचलला आणि मी म्हणालो, तो राहू दे, मी बघतो. डोकं हिरवं केलं, आकडा पुसवेना. तू तेव्हा घर सोडून डेपोजवळ राहायला गेली होतीस, घरात तुझा आवाज नव्हता, आणि तिथे तो शेपटीचा एक होता. वाटलं, आता कोण वाचतंय दगड, सगळे थांब्यांच्या नावानं बोलतात. सही ठोकून मोकळा झालो. सात वर्षं दरसाल मी स्वतः तिथे बसून तुझ्याच रेघांवरून ब्रश फिरवला, शेपटीसकट. जो दगड कोणी वाचणार नाही म्हणालो, तो वाचायची वेळ तुझ्यावरच आली. जावई गेला त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी, मोटरसायकल घेऊन येतो असं तुला सांगून मी निघालो, तेव्हा पिशवीत रंगाचा डबा होता. साइडपट्टीवरच्या रक्तावर माती लोटली, पांढरं मारलं, वाळेपर्यंत तिथेच बसलो, वर पंचावन्न काढला आणि जुना दिसावा म्हणून त्यावर धूळ चोळली. घाबरलो होतो गं. नोकरीला नाही, तुला घाबरलो होतो. तीन दिवसांनी तू जो हात धरून रडलीस त्याच्या नखांत तो रंग होता. तू स्वतःवर घेतलंस तेव्हा मला एक शब्द बोलायचा होता, आणि मी तुझी समजूत घालत बसलो. कुंपणानंच शेत खाल्लं, दुसरं काय! इथे येऊ नकोस, आता यायला रस्ताही तो राहिला नाही. माफ कर असंही म्हणत नाही, ते तुला जमणार नाही आणि मला पेलणार नाही. हेही पत्र परत येईल असंच वाटतंय. पण आलं नाही आणि तू इथवर वाचलंस, तर एवढं ऐक. दगडावर एक्केचाळीसच होतं, पोरी. तू बरोबर वाचलंस.

तुझाच,
बाबा